फुलदाणीतले पाणी रोज बदला

(वर्षावासातील रविवारच्या व्याख्यानमालेत केलेल्या भाषणाचा मजकूर)



या व्यासपीठावर आजवर मोठमोठ्या विद्वानांची व्याख्याने झाली. कोणी धम्मावर बोलले, कोणी घटनेवर बोलले, कोणी आरक्षणावर बोलले. आम्ही पडलो गिरणी कामगार. आमचे शिक्षण रात्रशाळेत दहावीपर्यंत, पुढचे जे काही ते वाचनालयाच्या बाकावर. तेव्हा कमिटीने आम्हाला बोलायला सांगितले तेव्हा आम्ही म्हटले, आम्हाला जे येते त्यावरच बोलू. आमचा विषय आहे फूल. तोडलेले फूल घरात आणि विहारात जास्त दिवस ताजे कसे ठेवावे. विषय ऐकून काही तरुण हसले. हसू द्या. शेवटपर्यंत ऐका, मग हसायचे की नाही ते ठरवा.

फूल ही आपल्याला परकी गोष्ट नाही. महात्मा जोतीराव फुल्यांच्या घराण्याचे मूळ आडनाव गोऱ्हे. गाव सातारा जिल्ह्यातले कटगुण. पुण्यात येऊन त्यांच्या वाडवडिलांनी पेशव्यांच्या दरबारी फुले पुरवायचा धंदा केला, म्हणून लोक त्यांना फुले म्हणू लागले आणि तेच आडनाव झाले. ज्या माणसाला बाबासाहेबांनी आपल्या गुरूंमध्ये मान दिला, त्याचे आडनाव फुलाच्या धंद्यातून आले आहे. बुद्धाच्या काळातही राजगृहात बिंबिसार राजाला रोज सकाळी चमेलीची फुले पोचवणारा सुमन नावाचा माळी होता, त्याची गोष्ट धम्मपदाच्या अट्ठकथेत सांगितली आहे. राजाची फुले त्याने बुद्धाला वाहिली, राजा काय शिक्षा करील याची पर्वा केली नाही. धम्मपदातच चौथ्या वग्गाचे नाव पुप्फवग्ग आहे. तेव्हा विहारात फुलावर बोलणे म्हणजे विषय सोडून बोलणे नव्हे.

आईची शिकवण

आम्हाला फुलाची विद्या कोणत्या कॉलेजात मिळाली नाही, आईकडून मिळाली. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली मुंबईच्या गिरण्यांचा संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार रस्त्यावर आले. आमचे वडील रिंगखात्यात होते. पहिले दोन महिने उसनवारीवर गेले. मग वाण्याने उधारी बंद केली. आम्ही तेव्हा चौदा वर्षांचे, पाठची दोन भावंडे. मार्च महिन्यात मोगरा बाजारात येऊ लागला तशी आईने कानातले मोडले आणि गजऱ्याचा धंदा सुरू केला. पहाटे चार वाजता चालत दादरच्या फुलबाजारात जायचे, कळ्या आणायच्या, दुपारभर गजरे ओवायचे आणि संध्याकाळी स्टेशनबाहेर विकायचे. संप मिटला असे कोणी कधी जाहीर केले नाही. वडील पुन्हा गिरणीत गेले नाहीत. गजऱ्याची पाटी मात्र पुढे कितीतरी वर्षे चालली.

आता बघा, श्रीमंताच्या घरात फूल कोमेजले तर दुसरे येते. आमच्या घरात फूल कोमेजले तर उद्याचे पीठ गेले. म्हणून आई फुलाला तान्ह्या मुलासारखी जपायची. मांजरपाटाचा तुकडा पाण्यात भिजवायची आणि असा पिळायची की एक थेंब गळू नये. त्यात कळ्या गुंडाळायच्या, वरून केळीचे पान, आणि ती पुडी डब्यात घालून माठाखालच्या ओल्या वाळूत ठेवायची. आम्ही एकदा हौसेने कळ्यांवर पाणी शिंपडले तर ओरडली, ‘‘आरं, फुलाला पाणी पाजायचं असतं, आंघूळ घालायची न्हाय. थेंब ऱ्हायला की डाग पडला म्हणून समज.’’ स्टोव्ह पेटला की डबा बाहेर गॅलरीत न्यायची. म्हणायची, ‘‘धुरात फुलं डोळं मिटत्यात.’’

आमच्या हातून एक चूक झाली, ती आज सांगतो. शेजारच्या काकींनी पिकलेली चार केळी दिली होती. आम्ही ती उंदरांच्या भीतीने आईच्या फुलांच्या डब्यात, कळ्यांच्या पुडीशेजारी ठेवून झाकण लावले. दुसऱ्या दिवशी डबा उघडला तर अर्ध्या कळ्या पिवळ्या-तपकिरी पडलेल्या. आई काही बोलली नाही. चांगल्या-चांगल्या कळ्या निवडून ओवल्या, पण गजरे जेमतेम झाले. त्या रात्री घरात चहा-पाव होता. केळ्याने फूल कसे मेले हे तेव्हा आईलाही सांगता आले नाही आणि आम्हालाही कळले नाही. ते कोडे आमच्या डोक्यात राहिले. पुढे १९८९ साली आम्ही गिरणीत बदली कामगार म्हणून लागलो, वाचनालयाचे सभासद झालो आणि शेतीखात्याच्या, बागकामाच्या पुस्तिका चाळू लागलो, तेव्हा एकेक गाठ सुटत गेली.

फूल का कोमेजते?

झाडावरून तोडलेले फूल मेलेले नसते. ते श्वास घेत असते, पाकळ्या-पानांतून पाणी सोडत असते. फक्त त्याचा मुळाशी असलेला संबंध तुटलेला असतो. आमच्यासारख्यांना हे लवकर समजेल. गिरणी बंद झाली तरी कामगार लगेच मरत नाही, आत साठवलेल्यावर काही दिवस काढतो. फुलाचेही तसेच. त्याला चार गोष्टी मारतात.

पहिली गोष्ट म्हणजे पाणी वर चढत नाही. देठात केसासारख्या बारीक नळ्या असतात. देठ हवेत कापला की त्या नळ्यांच्या तोंडात हवा शिरते आणि पाण्याची वाट अडते. वरून पाणी शिळे झाले की त्यात जंतू वाढतात, देठाचे टोक बुळबुळीत होते, तेही नळ्यांची तोंडे बुजवते. म्हणजे देठ पाण्यात बुडालेला आहे आणि फूल तहानेने मरते आहे, असा प्रकार होतो.

दुसरी गोष्ट अन्न संपते. पाने झाडावर असताना साखर तयार करून फुलाला पुरवतात. तोडल्यावर तो पुरवठा बंद.

तिसरी गोष्ट उष्णता आणि कोरडी हवा. आम्ही रिंगखात्यात काम केले. तिथे हवा कोरडी झाली की सूत तुटते, म्हणून पाण्याचे बारीक फवारे सोडून हवेत ओलावा राखतात. फुलालाही हेच लागू. फूल पंख्याखाली, खिडकीच्या उन्हात किंवा टीव्हीवर ठेवले की ते जेवढे पाणी पिते त्यापेक्षा जास्त गमावते. दहा अंशांनी उष्णता वाढली तर फुलाचा श्वास दुप्पट-तिप्पट वेगाने चालतो, म्हणजे त्याचे आयुष्य तेवढ्याच वेगाने सरते.

चौथी गोष्ट इथिलीन नावाचा वायू. हा डोळ्याला दिसत नाही. पिकणारे फळ तो सोडते. पेंढ्यात आंबे एकत्र ठेवले की एकाच्या नादाने दुसरा पिकतो तो याच वायूमुळे. हाच वायू फुलाला म्हातारे करतो. आणि धुरातही तो असतो, मग तो स्टोव्हचा असो, गाडीचा असो की उदबत्तीचा. आईच्या डब्यातल्या केळ्यांनी कळ्या का मारल्या, याचे उत्तर आम्हाला असे मिळाले. आईला वायूचे नाव ठाऊक नव्हते, पण धुराजवळ फुले न ठेवण्याचा नियम ठाऊक होता. अडाणी माणसाच्या अनुभवाला कमी लेखू नये, पण तिथेच थांबूही नये. कारण शोधावे. आपल्याला बाबासाहेबांनी दिलेला धम्म कार्यकारणाचा आहे, तो फुलदाणीपाशी येऊन बदलत नाही.

घरी काय करावे?

बाजारातून फुले आणली की आपण काय करतो? कागदात गुंडाळून टेबलावर ठेवतो, चहा पितो, मग वेळ मिळाला की फुलदाणीत खुपसतो. तेवढ्यात निम्मे नुकसान झालेले असते. खरी पद्धत अशी.

फुले घेतानाच निवडून घ्यावीत. पूर्ण उमललेले फूल दिसायला छान, पण त्याचे दिवस थोडे उरलेले असतात. गुलाब अर्धवट कळीचा घ्यावा. निशिगंधाच्या काडीवर खालची एक-दोन फुले उमललेली आणि बाकी कळ्या असाव्यात. देठाचे टोक हाताला चिकट लागले किंवा त्याला वास आला तर ती जुडी शिळी समजावी.

घरी आल्यावर एका बादलीत पाणी घ्यावे. देठ पाण्यात बुडवून, पाण्यातच धारदार सुरीने किंवा ब्लेडने टोकाकडचा एक ते दोन सेंटीमीटर तुकडा तिरका कापून टाकावा. पाण्यात कापल्याने नळीत हवा शिरत नाही. तिरका कापल्याने देठ फुलदाणीच्या तळाला चपटा टेकत नाही, पाणी ओढायला जागा राहते. बोथट कात्रीने देठ चेंगरतो, नळ्या दबतात, म्हणून कात्री वापरायची तर ती चांगली धार केलेली हवी.

पाण्याखाली येणारी सगळी पाने काढून टाकावीत. पान पाण्यात कुजते आणि जंतूंना घर मिळते. वरची चार पाने राहू द्यावीत, पण गर्दी नको.

फुलदाणी साबणाने घासून धुतलेली असावी. आपण जेवायचे ताट रोज घासतो आणि फुलदाणी महिन्यातून एकदा विसळतो. फूलही त्यातच जेवते हे आपल्या लक्षात येत नाही. पाणी रोज बदलावे, निदान एक दिवसाआड तरी. पाणी बदलताना देठाचे टोक पुन्हा थोडे कापावे.

रात्री झोपताना फुलदाणी घरातल्या सर्वांत गार कोपऱ्यात, जमिनीवर ठेवावी. आपल्या दहा बाय बाराच्या खोल्यांत गार कोपरा कुठला, असे बायका विचारतात. माठाजवळचा असतो. फ्रिज असेल तर मोगरा, गुलाब ओल्या पिळलेल्या कपड्यात गुंडाळून डब्यात ठेवता येतात. पण त्याच फ्रिजमध्ये आंबे, सफरचंद, केळी ठेवली असतील तर आमच्या डब्याची गोष्ट आठवा. ऑर्किड आणि अँथुरियम ही उष्ण प्रदेशातली फुले फ्रिजमध्ये ठेवू नयेत, थंडीने ती काळी पडतात.

पाण्यात काय घालावे?

हा प्रश्न सगळे विचारतात. कोणी सांगते तांब्याचे नाणे टाका, कोणी सांगते डोकेदुखीची गोळी टाका. मित्रहो, आजची आपली नाणी तांब्याची नाहीतच, आणि तांब्याचे असले तरी त्यातले तांबे पाण्यात सहजी विरघळत नाही. गोळीचाही भरवसा नाही. गोळी आजाऱ्यासाठी ठेवा.

ज्याचा खरोखर उपयोग होतो ते असे. एक लिटर पाण्यात दोन लहान चमचे साखर, एक-दोन चमचे लिंबाचा रस आणि कपडे पांढरे करायच्या ब्लीचचे थोडे थेंब, पाव चमच्यापेक्षा जास्त नाही. साखर हे फुलाचे अन्न. लिंबाने पाणी किंचित आंबट होते, आंबट पाणी देठातून लवकर चढते. ब्लीच जंतू मारते. नुसती साखर घालू नका, कारण ती फुलाआधी जंतू खातात आणि पाणी दुसऱ्या दिवशी घाण होते. आणि एक धोक्याची सूचना. ब्लीच आणि लिंबू एकमेकांत थेट कधी मिसळू नका, त्यातून विषारी वायू निघतो. दोन्ही वेगवेगळे, भरलेल्या लिटरभर पाण्यातच घाला आणि बाटली मुलांच्या हाती देऊ नका. हे पाणी पितळी फुलदाणीत घालू नये, धातू खराब होतो. काचेची बरणी उत्तम. सरबताची रिकामी बाटलीही चालते, फूल बाटलीची किंमत विचारत नाही.

ज्यांना ही सगळी यातायात जमणार नाही त्यांनी काहीच घालू नये. स्वच्छ फुलदाणी, रोज ताजे पाणी आणि ताजा काप, एवढ्याने बहुतेक काम होते.

प्रत्येक फुलाचा स्वभाव वेगळा

माणसांसारखीच फुलेही सगळी एका मापाची नसतात.

गुलाबाची मान पडते. कळी टवटवीत असते आणि देठ वरच्या बाजूला वाकतो. लोक समजतात फूल मेले. ते तहानलेले असते. देठ पाण्यात पुन्हा कापून अख्खा गुलाब, फुलासकट, कोमट पाण्याच्या टबात अर्धा-पाऊण तास आडवा ठेवा. बहुतेक वेळा मान ताठ होते.

निशिगंध, ज्याला कोणी रजनीगंधा तर कोणी गुलछडी म्हणतात, तो खालून वर उमलत जातो. खालची सुकलेली फुले रोज खुडली तर वरच्या कळ्यांना बळ मिळते. ग्लॅडिओलसचेही तसेच. त्याच्या टोकाच्या एक-दोन बारीक कळ्या खुडाव्यात. ग्लॅडिओलस आडवा ठेवू नये, त्याचा शेंडा वर वळतो आणि काडी वाकडी होते.

जरबेराचा देठ पोकळ आणि लवदार असतो. त्याला भरपूर पाण्यात बुडवले की देठ कुजतो. त्याला चार बोटे पाणी पुरे, पण ते अगदी स्वच्छ हवे.

शेवंती गरिबाचे फूल. नीट ठेवली तर आठवडाभर सहज, कधी त्याहून जास्त टिकते. तिच्या देठाचा खालचा लाकडासारखा कडक भाग कापून टाकावा, त्यातून पाणी नीट चढत नाही. फुलाआधी तिची पाने मरगळतात, ती काढावीत.

झेंडूचे पान पाण्यात गेले की दोन दिवसांत दुर्गंधी येते. म्हणून झेंडूची पाने बिनदिक्कत खुडा.

मोगरा, सोनचाफा, चाफा यांना देठ नसल्यासारखाच. त्यांना फुलदाणीत उभे करता येत नाही. चाफ्याची फुले उथळ ताटलीत पाणी घेऊन तरंगत ठेवावीत. श्रीलंकेच्या विहारांत चाफा मोठ्या प्रमाणात वाहतात, तिथे त्याला अरलिया म्हणतात.

आणि कमळ. बुद्धपौर्णिमेला आपण हौसेने कमळाच्या कळ्या आणतो आणि दुसऱ्या दिवशी त्या काळ्या पडतात. मग फुलवाल्याने फसवले म्हणतो. फुलवाल्याचा दोष नाही. कमळ तोडल्यावर पाकळ्या लवकर काळवंडतात आणि फुलदाणीत कळी सहसा आपण होऊन उमलत नाही. इथिलीनही त्याला लवकर बाधते. थायलंडमध्ये उपासक काय करतात? कळीच्या बाहेरच्या पाकळ्या एकेक करून हाताने आत दुमडतात, अशी की उमललेले फूल दिसावे, आणि तसे वाहतात. आपल्या मुलींना हे शिकवण्यासारखे आहे. आणि मुलांनाही. कमळ आदल्या दिवशी आणून ठेवू नये, त्याच सकाळी आणावे आणि वंदनेपर्यंत ओल्या कपड्यात ठेवावे.

आपल्या विहारात काय होते?

आता घरातून विहारात येऊ. आपण मूर्तीपुढे काय मांडतो? मधे फुलदाणी. उजव्या हाताला उदबत्त्यांचा जुडगा. डाव्या हाताला मेणबत्त्या. आणि पुढ्यात फळांचे ताट, त्यात केळी आणि सफरचंद. म्हणजे फुलाला मारणाऱ्या तिन्ही गोष्टी, धूर, उष्णता आणि पिकते फळ, आपण श्रद्धेने त्याच्या अंगाला चिकटवून ठेवतो. वर पंखा फुल्ल. संध्याकाळी फूल माना टाकते. मग उपासिका म्हणतात, हल्ली फुलांत दम राहिला नाही.

ही फुले कुणाच्या पैशातून येतात? वर्गणीच्या वहीत बघा. आपल्या बहुतेक भगिनी चार घरची धुणीभांडी करतात आणि रविवारच्या फुलांसाठी पैसे काढून ठेवतात. त्यांच्या घामाचे फूल आपल्या अज्ञानाने चार तासांत सुकत असेल तर तो त्यांचा अपमान आहे असे आम्हाला वाटते. उपाय सोपा आहे. फळांचे ताट वेगळ्या चौरंगावर ठेवा. उदबत्ती दोन हात लांब, खिडकीच्या बाजूला लावा, आणि जुडगा कशाला, एक पुरे. यात कोणाच्या श्रद्धेला धक्का लागत नाही.

एक कबुली

आता जे सांगायचे आहे त्यासाठी आम्ही खरे तर आज उभे राहिलो. २०२० साली गिरणीची शेवटची पाळी संपली आणि आम्ही रिकामे झालो. पुढे विहार उघडल्यावर फुलांची जबाबदारी आम्ही मागून घेतली. मूर्तीपुढच्या फुलदाणीचे पाणी आम्ही नेमाने बदलत होतो. पण मूर्तीच्या मागे, पडद्याआड, एक जुनी पितळी फुलदाणी होती. कोणत्या तरी कार्यक्रमाची फुले तिच्यात राहिली, ती सुकली, कोणीतरी काढली, पाणी तसेच राहिले. मागून दिसत नव्हती म्हणून आम्हीही बघितली नाही.

ऐन वर्षावासात आपल्या चाळीतली एक सात वर्षांची मुलगी तापाने आजारी पडली. डेंग्यू निघाला. प्लेटलेट्स खाली गेल्या, आठ दिवस इस्पितळात होती. तिच्या आईने त्या आठ दिवसांत कामे बुडवली, त्यातली दोन घरे कायमची सुटली. पालिकेचा माणूस चाळीत तपासणीला आला. पिंप, कुंड्या, गच्चीवरचे टायर बघत बघत विहारात आला. पडदा सारून त्याने ती फुलदाणी उचलली, बॅटरी मारली आणि आम्हाला आत बघायला सांगितले. पाण्यात अळ्या वळवळत होत्या. तो माणूस शांतपणे म्हणाला, ‘‘काका, घासून उलटी ठेवा.’’ दुसरे काही बोलला नाही. आमच्या पायाखालची जमीन सरकली.

त्या मुलीला डेंग्यू त्याच फुलदाणीतल्या डासाने झाला असे कोणी सिद्ध केलेले नाही, करताही येणार नाही. ती बरी झाली, आज समोर बसली आहे, आनंद आहे. पण एडिस डास फार लांब उडत नाही. तो दिवसा चावतो. विहारात ती रोज संध्याकाळी वंदनेला आणि दुपारी खेळायला यायची. आम्हाला जे समजायचे ते समजले. ज्या हातांनी आम्ही बुद्धाला फूल वाहिले त्याच हातांनी आम्ही डास पाळले होते. मुलीच्या आईला आम्ही जाऊन सांगितले. ती म्हणाली, ‘‘दादा, तुम्ही सांगितलं तरी. बाकीच्यांनी तर पिंपं झाकून घेतली आणि गप बसली.’’

त्यानंतर आम्ही माहिती घेतली ती सर्वांनी लक्षात ठेवावी. एडिस डासाला डबके किंवा गटार लागत नाही, वाटीभर स्वच्छ पाणी पुरते. फुलदाणी, मनी प्लँटची बाटली, कुंडीखालची ताटली, फ्रिजमागचा ट्रे, ही त्याची आवडती घरे. अंड्यापासून उडता डास व्हायला साधारण आठ-दहा दिवस लागतात. म्हणून आठवड्यातून एक दिवस सगळे पाणी ओतून कोरडे केले तर साखळी तुटते. पण नुसते ओतून भागत नाही. त्याची अंडी पाण्याच्या रेषेच्या वर भांड्याच्या आतल्या बाजूला चिकटतात आणि कोरडी राहूनही कित्येक महिने जगतात. पुन्हा पाणी भरले की फुटतात. तेव्हा फुलदाणी आतून काथ्याने घासली पाहिजे. बघा, फूल टिकवायला जे करायचे तेच मूल वाचवायला करायचे आहे. काम एकच, घासा आणि पाणी बदला.

एका तरुणाचा प्रश्न

आमच्या या खटपटीवर एका शिकलेल्या तरुणाने विचारले, ‘‘काका, पुष्पपूजेच्या गाथेचा अर्थच असा आहे की फूल कोमेजते तसे हे शरीरही नाश पावणार आहे. मग फूल टिकवायचा अट्टहास कशाला? ही आसक्ती नाही का?’’ प्रश्न चांगला आहे. आम्हाला त्या रात्री झोप लागली नाही.

आमच्या अल्पबुद्धीला जे उत्तर सुचले ते असे. फूल कोमेजणारच. आम्ही कितीही साखर-लिंबू केले तरी पाचव्या नाही तर दहाव्या दिवशी त्याने मान टाकायचीच आहे. ते अनित्य. त्याबद्दल दुःख करू नये, हेच ती गाथा शिकवते. पण फूल आपल्या हलगर्जीपणाने पहिल्याच दिवशी मेले तर त्याला अनित्य म्हणणे ही पळवाट आहे. माणूस मरणाधीन आहे म्हणून कोणी आजाऱ्याला औषध द्यायचे थांबत नाही. गिरण्याही अनित्य होत्या म्हणा. पण म्हणून कामगारांची देणी बुडाली ती अनित्यतेने बुडाली असे कोणी म्हटले तर आम्ही ऐकून घेणार नाही. धम्मपदात पुप्फवग्गाच्या आधी दुसरा वग्ग आहे, त्याचे नाव अप्पमादवग्ग. अप्रमाद म्हणजे हयगय न करणे, जागे राहणे. अनित्यता समजलेला माणूस जास्त जागा असतो, कमी नाही. आणि आसक्ती म्हणाल तर सुकलेले फूल काढून टाकायला ज्याचा हात धजत नाही तो आसक्त. फूल सुकले की कुरकुर न करता काढावे, कुंडीतल्या मातीत मिसळावे, खत होते, दुसरे झाड वाढते.

तरुण म्हणाला, पटले. पुढच्या रविवारी फुलदाणी घासायला तो आला. तेव्हापासून आपण पाळीचा तक्ता लावला आहे. गिरणीत पहिली पाळी, दुसरी पाळी, रातपाळी असायची, तशी ही आपली पाळी. त्या तक्त्यात पुरुषांची नावे आधी लिहिली आहेत, हे मुद्दाम केले आहे. फुले आणायची पुरुषाने, फोटो काढायचा पुरुषाने आणि बुळबुळीत फुलदाणी घासायची बाईने, ही विभागणी समतेच्या घरात शोभत नाही.

समारोप

आमचे भाषण लांबले. थोडक्यात पुन्हा सांगतो, घरी भिंतीवर लिहून लावा.

१) फूल कळीदार निवडावे.
२) देठ पाण्यात, धारदार सुरीने, तिरका कापावा.
३) पाण्याखालची पाने काढावीत.
४) पाणी रोज बदलावे.
५) फुलापासून फळ, धूर, ऊन आणि पंखा लांब ठेवावा.
६) आठवड्यातून एक दिवस प्रत्येक फुलदाणी, पडद्यामागचीसुद्धा, आतून घासून उलटी ठेवावी.
७) सुकलेले फूल त्याच दिवशी काढावे.

आमची आई आज नाही. तिच्या शेवटच्या दिवसांत आम्ही तिच्या उशाशी पेल्यात निशिगंधाची एक काडी ठेवत होतो. डोळ्यांनी तिला नीट दिसत नव्हते, पण वासावरून सांगायची, ‘‘पाणी बदललं न्हाईस आज.’’ आणि खरोखरच आमच्याकडून ते राहिलेले असायचे. एवढे बारीक लक्ष आपल्या सर्वांना यावे, घराकडे, विहाराकडे आणि समाजाकडे, एवढीच इच्छा व्यक्त करून आम्ही आपली रजा घेतो.

नमो बुद्धाय! जय भीम!